आवाजाचा माग काढणारा कलावंत : अकिओ सुझुकी

अकिओ सुझुकी हे जपानमधील ध्वनिकलेच्या पहिल्या पिढीतले कलावंत. जन्म १९४१ साली प्योंगयांगचा. वाढले मात्र जपानच्या आइची प्रांतात. शिक्षण वास्तुरचनेचे. अनेक दशके सादरीकरण करूनही प्रायोगिक कलेच्या वर्तुळाबाहेर त्यांचे नाव फारसे पोहोचलेले नाही.

त्यांच्या कलेची सुरुवात झाली ती एका जिन्यावर. प्रमाणबद्ध जिना चढणाऱ्याच्या पावलांना लय देतो. मग त्यावरून वस्तू टाकल्या तर त्याही लयीत वाजतील, असा त्यांचा कयास होता. १९६३ साली नागोया रेल्वे स्थानकाच्या जिन्यावर त्यांनी नाना वस्तूंनी भरलेली बादली उपडी केली. लय कसली, नुसता खडखडाट झाला! पण आपला कयास आणि प्रत्यक्ष कानांवर आलेला आवाज यांच्यातले अंतर त्यांना खुणावू लागले. आवाज फेकायचा आणि त्याचा माग घ्यायचा, हीच पुढे त्यांची रीत झाली.

१९७० च्या सुमारास त्यांनी ‘ॲनालापोस’ हे वाद्य घडवले. पोरे दोन काडेपेट्यांना दोरा बांधून टेलिफोन करतात, तशीच याची रचना. फक्त पेट्यांच्या जागी पत्र्याचे दोन पोकळ डबे आणि दोऱ्याच्या जागी लांबलचक स्प्रिंग. एका डब्यात हुंकार दिला की कंपने स्प्रिंगमधून पलीकडे जातात, तिथून परततात, पुन्हा जातात. वेगवेगळे स्वर स्प्रिंगमधून वेगवेगळ्या गतीने धावत असल्याने परतलेला आवाज विरघळल्यासारखा, लांबत गेलेला ऐकू येतो. जुन्या गिटार ॲम्प्लिफायरमधला घुमारा याच तत्त्वावर चालतो. सुझुकींना मात्र वीज लागत नाही. स्प्रिंगवर बोटे वा काठी फिरवली, तरी गडगडाट उठतो.

१९८८ साली ते आणखी पुढे गेले. क्योतो प्रांतातील आमिनो गावावरून जपानची प्रमाणवेळ ठरवणारी १३५ अंश पूर्व रेखावृत्ताची रेषा जाते. तिथल्या डोंगरावर त्यांनी दोन भव्य समांतर भिंती उभारल्या आणि शरद संपाताच्या दिवशी, म्हणजे दिवस-रात्र समान असताना, त्यांच्यामध्ये बसून दिवसभर निव्वळ ऐकले. ना वाद्य, ना गाणे.

१९९६ साली बर्लिनच्या ध्वनिकला महोत्सवात तर त्यांनी स्वतःलाही वजा केले. ‘ओतो-दाते’ या कृतीसाठी शहरभर हिंडून त्यांनी ऐकण्याजोग्या जागा हेरल्या आणि जमिनीवर खूण रंगवली: पाहिली तर पावलांची जोडी, नीट निरखली तर दोन कान. त्यावर उभे राहायचे आणि रस्ता, भिंत, वारा काय बोलतात ते ऐकायचे. जिन्यावर बादली रिकामी करणाऱ्या तरुणाला आवाज आपल्या मनासारखा हवा होता. इथे त्याने फक्त जागा निवडली आणि बाकी सारे त्या जागेवर सोपवले.