‘सैयारा’ नाव ठेवताय? आधी खरा अर्थ समजून घ्या!

गाणे आवडले की त्यातला शब्द ओठांवर राहतो. घरात पाळणा हलणार असेल, तर तोच शब्द बारशाच्या यादीतही जाऊन बसतो. ‘सैयारा’ हा असाच एक शब्द. 18 जुलै 2025 रोजी मोहित सूरी यांचा ‘सैयारा’ प्रदर्शित झाला आणि फहीम अब्दुल्ला यांच्या आवाजातले शीर्षकगीत रिक्षापासून लग्नाच्या मांडवापर्यंत सगळीकडे वाजू लागले. शब्द कानाला गोड आहे आणि शाळेच्या हजेरीपटावर तो अजून क्वचितच दिसेल. पण गाणे काही महिने वाजते आणि नाव आयुष्यभर सोबत राहते. म्हणून बारशाआधी या शब्दाची नीट ओळख करून घेतलेली बरी.

‘सैयारा’चा अर्थ नेमका काय?

चित्रपटात या शब्दाचा अर्थ स्वतः जळून जगाला उजेड देणारा एकाकी तारा, असा सांगितला आहे. कल्पना सुंदर आहे, पण शब्दकोशातला अर्थ वेगळा आहे. मूळ शब्द अरबी. त्याचा उच्चार ‘सय्यारा’ असा, ‘य’वर जोर देऊन होतो. ‘चालणे, प्रवास करणे’ या अर्थाच्या धातूपासून तो तयार झाला. त्यामुळे सय्यारा म्हणजे सतत चालणारा, फिरणारा. उर्दूत तर सय्यारा म्हणजे सरळ ‘ग्रह’. ताऱ्यासाठी तिथे ‘सितारा’ हा वेगळा शब्द आहे.

आता ग्रह स्वतः जळत नाही. तो सूर्याचा प्रकाश घेऊन चमकतो. म्हणजे चित्रपटातला अर्थ ही कवीची मोकळीक समजायची. मुलीने मोठेपणी विचारले, तर उत्तर मात्र ‘प्रवासी’ किंवा ‘ग्रह’ असे द्यायचे.

ग्रहाला ‘फिरणारा’ का म्हटले?

दुर्बिणीच्या आधी माणूस नुसत्या डोळ्यांनी आकाश पाहत असे. बहुतेक तारे एकमेकांच्या संदर्भात जागा सोडत नव्हते. मात्र बुध, शुक्र, मंगळ, गुरू आणि शनी हे पाच ठिपके ताऱ्यांमधून हळूहळू सरकताना दिसत. अरबांनी त्यांना ‘फिरणारे’ म्हटले. ग्रीकांनाही तेच सुचले होते. इंग्रजीतला ‘प्लॅनेट’ हा शब्द भटक्या या अर्थाच्या ग्रीक शब्दावरूनच आला आहे. संस्कृतने मात्र त्याला ‘ग्रह’, म्हणजे पकडणारा, असे नाव दिले.

आपल्याकडे ‘ग्रह फिरले’ म्हणजे नशीब उलटले. त्यामुळे नावाचा अर्थ ‘फिरणारा ग्रह’ असा सांगितला, तर घरातल्या आजी क्षणभर दचकतील! त्यांना ‘प्रवासी’ हा अर्थ सांगावा. तोच मूळचा आहे.

हा शब्द आपल्याला अगदीच परका आहे का?

नाही. आपण सहलीला जातो तेव्हा ‘सैर’ करतो, ‘सैरसपाटा’ म्हणतो. ही ‘सैर’ त्याच धातूची. ‘सूरत’च्या जोडीला येणारा ‘सीरत’, म्हणजे स्वभाव, वागण्याची रीत, हा शब्दही त्याच घराण्यातला. सायरा बानू यांच्यामुळे घराघरांत पोहोचलेले ‘सायरा’ हे नावही जवळचेच. त्याचाही अर्थ प्रवास करणारी.

‘सैराट’ मात्र या कुटुंबातला नाही. आवाज सारखा वाटतो, पण त्याचे नाते सहसा ‘स्वैर’शी जोडले जाते.

‘हे आपले नाव आहे का?’ असा प्रश्न घरात निघू शकतो. तेव्हा जुन्या पिढ्यांची नावे आठवावीत. शहाजी, दौलतराव, हिंमतराव, गुलाबराव. यातले शहा, दौलत, हिंमत, गुलाब हे शब्द फारसी-अरबीतूनच मराठीत आले आणि पाटलांच्या वाड्यात सुखाने नांदले. त्यामुळे एवढ्या कारणावरून नाव नाकारायचे नाही. ते पटले नाही, तर मात्र दुसरे कारण शोधावे लागेल.

मग अडचण कुठे येऊ शकते?

पहिली अडचण आखाती देशांत. आजच्या अरबीत ‘सय्यारा’ म्हणजे मोटारगाडी. पूर्वी हा शब्द प्रवाशांच्या काफिल्यासाठी वापरत. कुराणातल्या यूसुफच्या कथेत त्याला विहिरीतून बाहेर काढणारा काफिला म्हणजे ‘सय्यारा’च. पुढे रस्त्यावर मोटारी आल्या आणि नाव त्यांना मिळाले. दुबई, मस्कत, दोहा इथे अनेक मराठी कुटुंबे राहतात. तिथल्या वर्गात शिक्षिकेने हजेरी घेताना ‘सैयारा’ म्हटले, तर अरबी मुलांना ‘गाडी’ ऐकू येईल. तुमचे बिऱ्हाड तिकडे असेल, तर हा मुद्दा हसण्यावारी नेऊ नका.

दुसरी अडचण उच्चाराची. मराठीत ‘सै’ म्हणताना आपण ‘सइ’ म्हणतो. मूळ उच्चार ‘सय्यारा’ आहे आणि ‘सय्यद’ लिहिणाऱ्या मराठीला तो मुळीच अवघड नाही. शिवाय ‘सैया’ हा तुकडा हिंदी गाण्यांत सजण या अर्थाने येतो. शाळेतली मुले चिडवायला एवढे निमित्त सोडत नाहीत.

तिसरी गोष्ट गाण्याच्या भावाची. इर्शाद कामिल यांनी लिहिलेले हे गाणे विरहाचे आहे. चित्रपटातली नायिका आठवणी गमावत चालली आहे. नाव ठेवताना आपण चाल लक्षात ठेवतो, कथा विसरतो. तुम्हाला त्यातली ओढ भावली असेल, तर हरकत नाही. फक्त निवड जाणून केलेली असावी.

स्पेलिंग एकदाच ठरवा

चित्रपटाच्या इंग्रजी स्पेलिंगमध्ये ‘वाय’नंतर दोन ‘ए’ आहेत. कुणी एकच लिहील, कुणी ‘वाय’ दोनदा लिहील. दाखल्यावर एक, आधारवर दुसरे आणि पासपोर्टवर तिसरे झाले की हेलपाटे सुरू.

जन्माची नोंद 21 दिवसांत करायची असते. पण त्याच वेळी नाव दिलेच पाहिजे असे नाही. नावाशिवाय नोंद करून 12 महिन्यांच्या आत विनाशुल्क नाव घालता येते. त्यानंतर विलंब शुल्क भरून 15 वर्षांपर्यंत मुभा आहे. म्हणजे घाई करण्याचे कारण नाही. उलट 1 ऑक्टोबर 2023 पासून लागू झालेल्या दुरुस्तीनंतर जन्मलेल्या मुलांसाठी शाळाप्रवेश, वाहन परवाना, पासपोर्ट अशा कामांत जन्मतारीख आणि जन्मस्थळाचा पुरावा म्हणून जन्मदाखलाच लागतो. त्यावरचे अक्षर न् अक्षर तपासून घ्या.

गाणे जुने झाल्यावर काय?

हा शब्द पडद्यावर पहिल्यांदा आलेला नाही. 2012 च्या ‘एक था टायगर’मध्येही ‘सैयारा’ गाणे होते. मोहित चौहान आणि तरन्नुम मलिक यांनी ते गायले होते. ते गाजले आणि मागेही पडले. 2025 चे गाणेही कधीतरी ‘जुनी गाणी’ या यादीत जाईल. तेव्हा तुमची लेक कॉलेजात असेल आणि तिला आपले नाव गाण्याशिवाय सांगावे लागेल. ‘प्रवास करणारी’ हा अर्थ त्या दिवशीही तिच्या कामी येईल. या नावाची खरी ताकद ती आहे.

अजून मन ठरत नसेल, तर घरातच एक परीक्षा घ्या. आठवडाभर नाव गाण्याच्या चालीत न म्हणता साध्या हाकेत म्हणून पाहा. ‘सैयारा, दप्तर आवर’, ‘सैयारा, आजोबांना पाणी दे’. पुढे एखाद्या डॉक्टरच्या किंवा वकिलाच्या पाटीवर ते कसे दिसेल, तेही मनात आणा. जीभ अडखळली नाही आणि घरातल्या थोरांनाही ते म्हणता आले, तर खुशाल ठेवा.

आणि लाडाचे नाव? ते तर या नावातच दडले आहे : ‘सई’. म्हणजे सखी. शिवरायांच्या राणीसाहेबांचे हे नाव मराठी घरांत पिढ्यान्‌पिढ्या आहे. दाखल्यावर सैयारा आणि अंगणातून हाक मारताना सई. आजी आणि नात दोघींचेही त्यावर जमेल.