ठोका चालू, तरीही मृत्यू

माया, भीती, हिंमत हे सगळं आपण काळजात ठेवलं आणि जीवही तिथंच असणार असं धरून चाललो. समजूत फार जुनी. प्राचीन इजिप्तमध्ये ममी करताना मेंदू काढून टाकत, हृदय मात्र जपून शरीरातच ठेवत. ॲरिस्टॉटलनंही विचारांचं स्थान हृदयच मानलं. रक्त हृदयातून निघून हृदयाकडेच परत येतं, हे विल्यम हार्वेनं १६२८ मध्ये मांडलं. मुठीएवढा हा स्नायू आपण स्वस्थ बसलो असतानाही मिनिटाला सुमारे पाच लिटर रक्त पुढं ढकलतो. त्याला कवितेत मानाचं स्थान असावंच. मृत्यूचा निवाडा मात्र त्याच्या ठोक्यावर सोडू नये. यावर कुणी म्हणेल, दुःखानं काळीज खरंच खचतं की! खचतं. जबर धक्क्यानंतर हृदयाचा डावा कप्पा फुग्यासारखा फुगून तात्पुरता दुबळा होतो. जपानी डॉक्टरांनी १९९० च्या सुमारास या विकाराला ‘ताकोत्सुबो’ हे नाव दिलं. पण धक्का जाणवतो मेंदूला. हृदयावर आघात होतो तो त्यानंतर उसळणाऱ्या संप्रेरकांचा. हृदय बदललेल्या माणसाकडे पाहिलं की हे आणखी पटतं. प्रत्यारोपणात हृदयाच्या नसा तुटतात, तरी ते नव्या छातीत धडधडतं, कारण ठोक्याची प्रेरणा त्याच्या स्वतःच्याच पेशींतून येते. आणि तो माणूस आपल्या मुलांवर पूर्वीसारखीच माया करतो.

खरा कठीण आक्षेप अतिदक्षता विभागाच्या दाराशी उभ्या असलेल्या घरच्यांचा असतो: अंग ऊबदार आहे, मॉनिटरवर ठोके दिसताहेत, मग माणूस गेला कसा म्हणता? या प्रश्नापुढं घाई करणं क्रूरपणाचं आहे. पण उत्तर आहे. मेंदूचं मूळ कायमचं निकामी झालं की श्वास आपणहून परत येत नाही. हाच मेंदूमृत्यू. व्हेंटिलेटर प्राणवायू पुरवतो तोवर हृदय आपल्याच प्रेरणेनं चालत राहतं, काही काळ. मुंबईच्या केईएममध्ये डॉ. प्रफुल्लकुमार सेन यांनी फेब्रुवारी १९६८ मध्ये भारतातलं पहिलं हृदय प्रत्यारोपण केलं, तेव्हा मेंदूमृत्यूला आपल्या कायद्यात जागाच नव्हती. रुग्णही काही तासच जगला. १९९४ च्या कायद्यानं ती जागा दिली. चार डॉक्टरांचं मंडळ किमान सहा तासांच्या अंतरानं दोनदा तपासणी करतं, त्यानंतरच मेंदूमृत्यू जाहीर होतो. दानासाठी काढलेलं हृदय साधारण चार तासांत दुसऱ्या छातीत बसवावं लागतं, म्हणून घरच्यांचा होकार वेळेवर मिळणं मोलाचं. अवयवदानाच्या कार्डावर सही असली तरी प्रत्यक्षात त्यांना विचारलं जातंच. तेव्हा आपली इच्छा आज, धडधाकट असतानाच, घरात स्पष्ट बोलून ठेवा.