मॅमथ नव्हे, गोदावरीचा महागज

अंबड तालुक्याच्या दक्षिण सीमेवरून गोदावरी वाहते. शहागडच्या पुलावरून रोज हजारो गाड्या तिला ओलांडतात. पण तिच्या काठच्या जुन्या गाळात आणि गोट्यांच्या थरांत प्राचीन जीवसृष्टी गाडली गेली आहे, हे फार कमी जणांना ठाऊक असतं. नदीकाठी मोठं हाड निघालं, की कुणी मॅमथ म्हणतं, कुणी डायनासोर, तर कुणी थेट राक्षस. खरी गोष्ट या तिन्हींपेक्षा वेगळी आहे आणि ती आपल्या मातीची आहे. म्हणून हे गैरसमज एकेक करून तपासू.

गैरसमज १ : मॅमथ एके काळी मराठवाड्यातही फिरत होते.

वस्तुस्थिती : केसाळ मॅमथ हा थंड प्रदेशातला प्राणी. सायबेरिया, युरोप, उत्तर अमेरिका ही त्याची भूमी. लांब केसांचं आवरण, कातडीखाली चरबीचा जाड थर आणि उष्णता कमी बाहेर पडावी म्हणून लहान कान, अशी त्याची सगळी ठेवण कडाक्याच्या थंडीसाठी होती. दख्खनच्या पठाराला तो कधी शिवलाही नाही.

इथे वावरत होता तो दुसराच महाकाय हत्ती. शास्त्रज्ञ त्याला 'पॅलिओलॉक्सोडॉन नामाडिकस' म्हणतात. नर्मदेच्या खोऱ्यातल्या जीवाश्मांवरून एकोणिसाव्या शतकात त्याचं नामकरण झालं. गोदावरीतही तो होता. नाशिक जिल्ह्यात नांदूर मधमेश्वरजवळ त्याची कवटी मिळाली आणि भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या गाय पिलग्रिम यांनी १९०५ साली तिचं वर्णन प्रसिद्ध केलं. नांदूर मधमेश्वरला वाहणारं तेच पाणी पुढे पैठणवरून अंबडच्या शिवेला येतं.

गैरसमज २ : मॅमथ हा जगातला सर्वांत मोठा हत्ती.

वस्तुस्थिती : केसाळ मॅमथचा नर खांद्यापाशी साधारण तीन मीटर, म्हणजे आजच्या हत्तींच्याच मापाचा. मॅमथच्या काही जुन्या जाती त्याहून उंच होत्या. पण आपला नामाडिकस हत्ती सहज चार मीटरच्या पुढे जायचा. मांडीच्या हाडाच्या एका तुकड्यावरून काही अभ्यासकांनी पाच मीटरच्या आसपास उंची आणि वीस टनांहून अधिक वजनाचा अंदाज बांधला आहे. एका अपुऱ्या हाडावरचा हा हिशेब असल्यानं तो जपूनच घ्यायला हवा. तरीही जमिनीवर वावरलेल्या सर्वांत मोठ्या सस्तन प्राण्यांच्या यादीत या हत्तीचं नाव अगदी वर येतं, याबद्दल वाद नाही.

गैरसमज ३ : ही हाडं डायनासोरच्या काळातली असतात.

वस्तुस्थिती : दोन्हींमध्ये कोट्यवधी वर्षांचं अंतर आहे. डायनासोर सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी संपले. अंबडला विहीर खणताना मुरमाखाली जो काळा पाषाण लागतो, तो जवळपास त्याच काळात वाहिलेल्या लाव्ह्याचा. महाराष्ट्रात डायनासोरचे जीवाश्म मिळतात ते चंद्रपूर जिल्ह्यातल्या पिसदुऱ्यासारख्या ठिकाणी, तिथल्या गाळाच्या खडकांत.

हत्तींची हाडं पाषाणात सापडत नाहीत. ती सापडतात पाषाणावर नदीनं कितीतरी नंतर आणून टाकलेल्या थरांत. वाळू, गोटे आणि चुनखडी एकमेकांना चिकटून तिथे घट्ट थर झालेला असतो. या हाडांचं वय काही हजार ते काही लाख वर्षं असतं. डायनासोर आणि हत्ती यांची गाठ कधी पडलीच नाही.

गैरसमज ४ : मोठी हाडं म्हणजे राक्षसांचे सांगाडे. घटोत्कचाचा सांगाडा सापडल्याचा फोटोही आहे.

वस्तुस्थिती : तो फोटो गेली कित्येक वर्षं मोबाइलवरून फिरतो आहे. जमिनीत पहुडलेला अवाढव्य मानवी सांगाडा आणि शेजारी मुंगीएवढी माणसं, असं ते दृश्य. २००२ साली संगणकावर चित्रं जुळवण्याच्या एका स्पर्धेसाठी ते तयार केलं होतं. गंमत अशी, की त्यामागचं मूळ छायाचित्र खरं आहे. २००० साली अमेरिकेत न्यूयॉर्क राज्यातल्या हाइड पार्क इथे मॅस्टोडॉनचं उत्खनन झालं, त्याचं ते छायाचित्र. मॅस्टोडॉन हा हत्तींचा दूरचा, नामशेष झालेला नातलग. म्हणजे ज्याला आपण घटोत्कच समजून पुढे पाठवत राहिलो, त्या चित्राच्या मुळाशी हत्तीच्याच कुळातला प्राणी होता.

हा घोळ नवा नाही. युरोपातही हत्तींची जुनी हाडं शतकानुशतकं राक्षसांची मानली जात होती. १७९६ साली फ्रान्सच्या जॉर्ज क्युविए यांनी दातांची आणि जबड्यांची तुलना करून दाखवून दिलं, की मॅमथ ही आजच्या हत्तींहून वेगळी जात असून ती आता पृथ्वीवर नाही. एखादी जात कायमची नाहीशी होऊ शकते, हे विज्ञानानं स्वीकारलं ते अशा पुराव्यांमुळे.

गैरसमज ५ : हिमयुगात सगळीकडे बर्फ होता आणि मॅमथ बर्फावर राहायचे.

वस्तुस्थिती : एवढ्या मोठ्या जनावराला रोज ढीगभर चारा लागतो आणि तो बर्फावर उगवत नाही. मॅमथ राहायचे ते थंड, कोरड्या, अफाट गवताळ माळावर. त्यांची शरीरं आज सापडतात ती वर्षभर गोठून राहणाऱ्या जमिनीत. २००७ साली सायबेरियात यामाल द्वीपकल्पावर 'ल्युबा' नावाचं मॅमथचं मादी पिल्लू मिळालं. सुमारे ४२ हजार वर्षांपूर्वी, जेमतेम महिन्याचं असताना ते मेलं होतं. त्याच्या पोटात आईच्या दुधाचे अंश होते आणि सोंडेत चिखल गेलेला होता. एवढा तपशील टिकला तो थंडीमुळे.

मराठवाड्यात त्या काळी बर्फ नव्हता. इथे बदल झाला तो पावसात. वीस-पंचवीस हजार वर्षांपूर्वी, हिमयुगाच्या ऐन भरात, मान्सून कमजोर झाला आणि पठार अधिक कोरडं, मोकळं झालं. त्याचा देखणा पुरावा जळगाव जिल्ह्यात चाळीसगाव तालुक्यातल्या पाटणे इथे मिळाला. एस. ए. साळी यांच्या उत्खननात तिथे शहामृगाच्या अंड्यांची कवचं आणि त्यांचे मणी सापडले. वय सुमारे २५ हजार वर्षं. एका कवचावर तर कुणीतरी बारकाईनं नक्षी कोरली आहे. महाराष्ट्रात शहामृग धावत होते आणि इथली माणसं त्यांच्या अंड्यांचे दागिने घडवत होती.

गैरसमज ६ : एखाद्या दातावरून किंवा हाडाच्या तुकड्यावरून काय कळणार?

वस्तुस्थिती : हत्तीची जीवाश्म दाढ हातात घेतली, तर आधी जाणवतं ते तिचं वजन. मग दिसतात वरच्या बाजूला ओळीनं उभ्या राहिलेल्या कठीण इनॅमलच्या कडा, नुकतीच टाकी लावलेल्या जात्याच्या तळीसारख्या. एकेका पट्टीचा आकार, पट्ट्यांची संख्या, त्यांच्यातलं अंतर यांवरून जात ओळखता येते. हत्तीला आयुष्यात दाढांचे सहा संच येतात. झिजलेली दाढ पुढे सरकून गळते आणि मागून नवी येते. त्यामुळे दाढ कितवी आणि किती झिजली आहे, यावरून मरतानाचं वय काढता येतं. इनॅमलमधल्या कार्बनच्या प्रकारांवरून तो प्राणी जास्त गवत खात होता की झाडपाला, हेही सांगता येतं.

सोबतच्या हाडांवरून तर सगळा परिसर उभा राहतो. मराठवाड्यातच मांजरा नदीच्या खोऱ्यात, लातूर जिल्ह्यातल्या हरवाडीच्या परिसरात, हत्तींबरोबर पाणघोड्याचे जीवाश्म मिळाले. पाणघोडा बारमाही, खोल डोहांशिवाय जगत नाही. उन्हाळ्यात टँकरची वाट पाहणाऱ्या या मुलखात एके काळी पाणघोडे डुंबावेत एवढं पाणी होतं, हे ते हाड सांगतं.

गैरसमज ७ : त्या काळी इथे माणूस नव्हता.

वस्तुस्थिती : माणूस होता आणि याचा एक अगदी सुरुवातीचा पुरावा अंबडच्या वरच्या अंगालाच मिळाला. १८६५च्या सुमारास भूवैज्ञानिक ए. बी. वाइन यांना पैठणजवळच्या मुंगी इथे, प्राचीन प्राण्यांची हाडं असलेल्या थरात, अकीक दगडाचा घडवलेला छिलका सापडला. पुढे १९५०च्या दशकात डेक्कन कॉलेजच्या ह. धी. सांकलियांनी प्रवरेकाठी नेवासे परिसरात अश्मयुगीन हत्यारं आणि प्राण्यांचे जीवाश्म यांचा अभ्यास केला. १९६०च्या दशकात गुड्रुन कॉर्विनस यांनी नेवाशाजवळच्या चिरकी इथे हातकुऱ्हाडींचं मोठं स्थळ उजेडात आणलं.

मग या प्राण्यांना माणसानंच संपवलं का? एका वाक्यात निकाल लागेल असा हा प्रश्न नाही. नामाडिकस हत्ती, स्टेगोडॉन हा हत्तींचा नामशेष नातलग, पाणघोडा आणि इथला जंगली घोडा एवढे मोठे प्राणी हिमयुगाच्या उत्तरार्धात भारतीय उपखंडातून गेले. त्यात शिकारीचा आणि बदलत्या हवामानाचा वाटा किती, यावर संशोधन चालू आहे. पण दुसरी बाजूही ठळक आहे. अमेरिकेत आणि ऑस्ट्रेलियात मोठी जनावरं जवळजवळ साफ झाली, तर भारतात हत्ती, गेंडा, गवा आणि वाघ आजही आहेत. माणूस आणि मोठे प्राणी इथे लाखो वर्षं शेजारी राहिले. जगात फार थोड्या भूभागांना असं सांगता येईल.

गैरसमज ८ : मॅमथ पुन्हा जन्माला येणार आहे, मग जुन्या हाडांचं काय एवढं?

वस्तुस्थिती : आज चालू असलेले प्रयोग आशियाई हत्तीच्या पेशींमध्ये मॅमथचे काही गुण बसवण्याचे आहेत. त्यातून उद्या काही जन्माला आलंच, तर तो बदललेला हत्ती असेल. शिवाय सायबेरियाच्या थंडीत डीएनए टिकतो. आपल्या उन्हात तो लवकर तुटतो. गोदावरीच्या महागजाची कहाणी आपल्याला त्याच्या हाडांतून आणि ती ज्या थरात पडली त्या थरातूनच वाचावी लागणार.

म्हणून थर जपणं महत्त्वाचं. हाड कुठल्या खोलीवर, कोणत्या गोट्यांमध्ये, कशाच्या शेजारी होतं, यावरच त्याचं वय आणि अर्थ ठरतो. वाळूचा बेसुमार उपसा होतो, तेव्हा हा सगळा दस्तऐवज यंत्राच्या एका फावड्यात उलटापालटा होतो. नदीकाठी किंवा विहिरीच्या खोदाईत दगडासारखं जड, पण तुटलेल्या कडेला जाळीदार दिसणारं काही आढळलं, तर ते उपटू नका, धुऊन घरी नेऊ नका. शेजारी मोजपट्टी ठेवून फोटो काढा, जागेची नोंद करा आणि तहसील कार्यालयाला, पुण्याच्या डेक्कन कॉलेजला किंवा नागपूरच्या भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण कार्यालयाला कळवा. शाळांनीही आपल्या भागातल्या मुलांना सायबेरियाच्या मॅमथइतकीच गोदावरीच्या हत्तीची ओळख करून द्यावी. जे आपलं आहे हे माहीत असतं, तेच माणूस जपतो.