लाटांवरील स्वारी : हवाई बेटांची एक जीवनपद्धती

समुद्र किनाऱ्यावरील माणसाला केवळ मासळी देत नाही. तो त्याच्या जीवनाला वळणही देतो. पॅसिफिक महासागरातील हवाई बेटांवर वाढलेला आणि आज ‘सर्फिंग’ या नावाने जगभर परिचित असलेला खेळ हे याचे बोलके उदाहरण होय.

समाजजीवनाचे अंग

मूळ हवाई भाषेत या विद्येला ‘हेए नालू’, म्हणजे लाटेवरून घसरणे, असे म्हणतात. दूरच्या वादळात उठलेली लाट उथळ पाण्यात आली की तिचा वेग मंदावतो, माथा उंचावतो व पुढे कोसळू लागतो. नेमक्या त्या क्षणी फळीवर पालथा पडून हातांनी पाणी कापणारा स्वार उभा राहतो आणि लाटेच्या उतारावरून किनाऱ्याकडे झेपावतो. हा क्षण ओळखण्यासाठी वारा, भरती-ओहोटी व तळाचे खडक यांची जाण आवश्यक असते. राजे व प्रजाजन, स्त्रिया व मुले असे सर्वच या खेळात रमत. मात्र सुमारे १५ फूट लांबीची ‘ओलो’ ही फळी सरदारांकरिता राखीव असे. सामान्य जन आखूड ‘अलाइआ’ वापरीत.

ऱ्हास आणि पुनरुज्जीवन

१७७८ मध्ये कॅप्टन कुकची जहाजे तेथे पोहोचली. पुढील शतकात परक्या रोगांच्या साथींनी लोकसंख्या झपाट्याने घटली. १८२० पासून आलेल्या अमेरिकन मिशनऱ्यांना हा खेळ आळसाचे लक्षण वाटला. १८९३ मध्ये राजसत्ता उलथविण्यात आली आणि १८९८ मध्ये बेटे अमेरिकेत विलीन झाली. तोवर लाटांवर मोजकेच लोक दिसत.

तथापि ही परंपरा लोपली नाही. विसाव्या शतकाच्या आरंभी वाईकिकी येथील तरुणांनी तिला नवे बळ दिले. त्यांपैकी ड्यूक कहानामोकू यांनी १९१२ च्या ऑलिंपिकमध्ये पोहण्याचे सुवर्णपदक मिळविले व पुढे ऑस्ट्रेलियात सर्फिंगची प्रात्यक्षिके केली. १९२५ मध्ये कॅलिफोर्नियात बोट उलटली असता त्यांनी आपल्या फळीच्या साहाय्याने आठ जणांचे प्राण वाचविले. २०२१ मध्ये पार पडलेल्या टोकियो ऑलिंपिकमध्ये हा खेळ प्रथमच समाविष्ट झाला आणि महिलांचे पहिले सुवर्णपदक हवाई वंशाच्या कॅरिसा मूर यांनी पटकाविले.

विचार करण्याजोगे

या यशाला एक खिन्न बाजूही आहे. खेळ जगभर पसरला. परंतु बेटांवरील घरांच्या किमती इतक्या वाढल्या की, २०२० च्या अमेरिकन जनगणनेनुसार निम्म्याहून अधिक हवाई वंशीय आज मायभूमीबाहेर राहतात. किनाऱ्याची ख्याती वाढावी आणि किनारेकऱ्यानेच तेथून उठावे, याला विकास कसे म्हणावे? किनाऱ्याचे नियोजन करणाऱ्या प्रत्येकाने हा प्रश्न स्वतःला विचारला पाहिजे.