कारोलीन लिंक : दुभाषी मुलांची गोष्ट सांगणारी दिग्दर्शिका



आजी-आजोबा भारतातून आपल्याकडे राहायला आले की डॉक्टर काय म्हणाले, दुकानदार काय विचारतोय, हे त्यांना कोण सांगतं? बहुतेक घरांत नातवंडंच. अशा दुभाषी मुलांना सिनेमाच्या केंद्रस्थानी आणणाऱ्या जर्मन दिग्दर्शिका आणि पटकथालेखिका कारोलीन लिंक यांची आज ओळख करून घेऊया.

लिंक यांचा जन्म १९६४ मध्ये बाड नाउहाइम या गावी झाला. शिक्षण म्युनिकच्या चित्रपट विद्यालयात. चित्रपटगृहांसाठीचा त्यांचा पहिला चित्रपट १९९६ मध्ये आला, 'येन्झाइट्स डेअर श्टिले', म्हणजे 'शांततेच्या पलीकडे'. यातल्या लाराचे आईवडील कर्णबधिर आहेत, तिला मात्र ऐकू येतं. त्यामुळे बँकेतलं बोलणंसुद्धा खुणांच्या भाषेत तीच पोचवते. शाळेतल्या बाईंची तक्रार मात्र ती आईला सोयीस्कर बदलून सांगते! आपल्याला हसू येतं; पण एवढ्याशा पोरीवर केवढा भार आहे, हेही कळतं.

पुढे आत्या लाराला क्लॅरिनेट देते आणि मुलगी अशा जगात शिरते, जिथे वडील येऊच शकत नाहीत. ते दुखावतात, रागावतात. बर्फ पडताना कसा आवाज येतो, असं हे वडील लेकीला विचारतात, तो प्रसंग तर विसरता येत नाही. आईवडिलांच्या भूमिकांसाठी लिंक यांनी खरोखरच कर्णबधिर असलेले कलाकार घेतले : अमेरिकेचे हॉवी सीगो आणि फ्रान्सच्या इमॅन्युएल लाबोरी. या चित्रपटाला ऑस्करचं नामांकन मिळालं.

प्रत्यक्ष ऑस्कर मिळालं ते २००१ च्या 'निर्गेंटव्हो इन आफ्रिका' या चित्रपटाला. श्टेफानी त्स्वाइग यांच्या आत्मचरित्रात्मक कादंबरीवरून पटकथा लिंक यांनीच लिहिली. १९३८ मध्ये एक ज्यू कुटुंब हिटलरच्या जर्मनीतून जीव वाचवून केनियात येतं. वकील असलेला बाप आता शेतावर राबतो. त्याने बायकोला येताना फ्रिज आणायला सांगितलेलं असतं. ती आणते पार्टीत घालायचा झगा. आपण कुठे चाललोय, याची तिला कल्पनाच नसते. छोटी रेगिना मात्र ओवूर या स्वयंपाक्याशी गट्टी जमवते आणि बघता बघता त्याची भाषा बोलू लागते. गंमत पुढेच आहे. युद्ध संपल्यावर बापाला मायदेशी परतायचं असतं, आणि सुरुवातीला कुरकुरणाऱ्या आईचा पाय आता केनियातून निघत नाही. घर नक्की कुठलं, हा प्रश्न एकाच कुटुंबात तिघांना तीन तऱ्हांनी पडतो.

२००३ च्या त्या ऑस्कर सोहळ्याला लिंक गेल्याच नाहीत. त्यांची तान्ही मुलगी आजारी होती, म्हणून त्या घरीच थांबल्या.

२०१९ मध्ये त्या पुन्हा निर्वासित मुलांकडे वळल्या. जुडिथ कर यांच्या 'हिटलरने गुलाबी ससा पळवला तेव्हा' या कादंबरीवरच्या चित्रपटात नऊ वर्षांच्या अ‍ॅनाला बर्लिन सोडताना एकच खेळणं नेता येतं. तिथून झुरिक, पॅरिस, मग लंडन. प्रत्येक ठिकाणी नवी शाळा, नवी भाषा.

मुलं पटकन रुळतात, असं आपण सहज म्हणून जातो. लिंक यांचे चित्रपट ते नाकारत नाहीत. पण रुळताना मूल आईवडिलांपासून थोडं लांब जातं, आणि ते अंतर आईबापांइतकंच त्यालाही जाणवत असतं, हे त्या दाखवतात. लाराच्या गोष्टीच्या शेवटी वडील तिच्या संगीताच्या परीक्षेला येतात. सूर त्यांना ऐकू येणार नसतात, तरी येतात.

मुलांसोबत बसून पाहा हे चित्रपट. आणि पुढच्या वेळी घरातला छोटा दुभाषी कामाला लागला, की त्याचं स्वतःचं काय म्हणणं आहे, तेही एकदा विचारा.