कळसूबाईचे शिखर

महाराष्ट्रातील सर्वांत उंच स्थान कोणते, असे विचारले तर कळसूबाईचे नाव बहुतेक विद्यार्थी चटकन सांगतात. परंतु हे शिखर इतके उंच का, हा प्रश्न सहसा कोणी विचारीत नाही. आणि खरी मौज तर त्याच प्रश्नात आहे.

अहिल्यानगर (पूर्वीचा अहमदनगर) जिल्ह्यातील अकोले तालुका आणि नाशिक जिल्ह्यातील इगतपुरी तालुका यांच्या सीमेवर हे शिखर उभे आहे. त्याची उंची १६४६ मीटर आहे. सह्याद्रीची मुख्य रांग दक्षिणोत्तर जाते. कळसूबाई मात्र त्या रांगेवर नसून, तिच्यापासून फुटून पूर्वेकडे गेलेल्या एका फाट्यावर आहे.

हिमालय भूगर्भातील दाबामुळे वर उचलला गेला. कळसूबाईची कथा निराळी आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी येथील भूमीला लांबच लांब भेगा पडल्या व त्यांतून तप्त शिलारस बाहेर आला. तो पसरला, थिजला. काही काळाने त्यावर दुसरा थर आला, मग तिसरा. असे एकावर एक थर साचून विस्तीर्ण पठार तयार झाले. पुढे लक्षावधी वर्षे पाऊस, वारा आणि ऊन यांनी ते पठार झिजविले. नद्यांनी दऱ्या कोरल्या. या झिजेतून जो भाग वाचला, तो आज शिखर म्हणून दिसतो. कळसूबाई वर आली नाही. भोवतालचे सारे खाली गेले व ती उरली!

सर्वच थर सारखे कठीण नव्हते. घट्ट काळ्या पाषाणाचे थर सरळ तुटतात व त्यांचे कडे होतात. सच्छिद्र, भुसभुशीत थर लवकर झिजतात व त्यांचे उतार बनतात. म्हणूनच बारी गावातून शिखराकडे निघालेल्या माणसाला काही वेळ उताराची वाट लागते, तर मध्येच कातळाची भिंत आडवी येते. अशा कड्यांवर आता लोखंडी शिड्या बसविलेल्या आहेत. त्या चढताना आपण एका शिलारसाच्या थरावरून दुसऱ्या थरावर जात असतो, हे किती जणांच्या ध्यानात येत असेल?

माथ्यावर कळसूबाईचे चिमुकले मंदिर आहे. आत चार माणसे शिरली की पाचव्याला जागा नाही. काळसू नावाची मुलगी एका घरी कामाला होती. भांडी घासणे व केर काढणे ही कामे सांगायची नाहीत, अशी तिची अट होती. ती मोडली गेली तेव्हा ती मानिनी घर सोडून या डोंगरावर येऊन राहिली, असे इकडचे लोक सांगतात. निरभ्र दिवशी मंदिराजवळून पश्चिमेस अलंग, मदन व कुलंग हे दुर्ग दिसतात, तर दक्षिणेकडे भंडारदऱ्याचा जलाशय आणि त्यापलीकडे रतनगड. याच रतनगडाच्या परिसरात प्रवरा नदी उगम पावते.

पावसाळ्यात शिखर दिवसेंदिवस ढगांत बुडून जाते. उत्तर उतारावरील पाणी दारणेला मिळते, दक्षिणेचे प्रवरेला. दारणा नाशिक जिल्ह्यातच गोदावरीला मिळते. प्रवरा मात्र संगमनेरवरून दूरचा पल्ला गाठून टोके येथील प्रवरासंगमावर गोदावरीत विलीन होते. शिखरावर वेगळे झालेले पाणी तेथे पुन्हा एकत्र येते. प्रवरेवर भंडारदरा येथे १९२६ साली दगडी धरण पुरे झाले. त्याच्या पाण्यावर संगमनेर, श्रीरामपूर, राहुरी या भागांतील उसाचे मळे हिरवे झाले.

आणि डोंगरावरचे लोक? येथे प्रामुख्याने महादेव कोळी समाजाची वस्ती आहे. ते उतारावर भात, नाचणी व वरई पिकवितात. एवढा पाऊस पडूनही उन्हाळ्यात येथील अनेक वाड्यांत पाण्याची टंचाई असते. काळा पाषाण पाणी आत जिरू देत नाही. पडेल ते धो धो वाहून खाली जाते, आणि धरण तर पायथ्याशी! वरच्या सच्छिद्र थरात जे थोडे मुरते, ते खालच्या कठीण थराला अडून कड्याच्या कुशीतून झिरपते. या झऱ्यांचाच काय तो आधार. चैत्र-वैशाखात त्यांची धार करंगळीएवढी होते, आणि बायका वाटी वाटीने पाणी भरीत हंडा पूर्ण होण्याची वाट पाहत तेथे बसून राहतात.