रीळ की फाईल?

दादासाहेब फाळके छायाचित्रण शिकले ते आपल्या बडोद्याच्या कलाभवनात. त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ साली आला आणि त्यानंतर कित्येक दशकं आपला सिनेमा फिल्मवरच चित्रित होत राहिला. आज खिशातल्या मोबाइलवरही उत्तम शूटिंग होतं. मग फिल्म हवी कशाला?

चित्रीकरणापुरतं बोलायचं तर डिजिटल सोयीचं आहे, यात वाद नाही. पस्तीस मिलिमीटर फिल्मचं हजार फुटांचं रीळ साधारण ११ मिनिटांत संपतं. लॅबमधून धुऊन येईपर्यंत नेमकं काय टिपलं गेलं तेही दिसत नाही. त्यामुळे भरपूर तालमी करूनच कॅमेरा सुरू व्हायचा. डिजिटलमध्ये शॉट लगेच बघता येतो, कार्ड पुन्हा वापरता येतं. नव्या मुलांना कमी पैशांत सिनेमा करता येतो, तो यामुळेच.

खरा प्रश्न पुढचा आहे: टिकणार काय? थंड, कोरड्या जागी ठेवलेली चांगली फिल्म शंभर वर्षं राहू शकते आणि उजेडासमोर धरली तरी चित्र दिसतं. फाईलचं तसं नाही. डिस्क बिघडते, ती वाचणारं यंत्र बाजारातून जातं. म्हणून दर काही वर्षांनी सगळं नव्या माध्यमावर हलवावं लागतं. ऑस्कर देणाऱ्या अकादमीने २००७ साली हिशेब मांडला, तेव्हा डिजिटल मूळ प्रत सांभाळण्याचा वार्षिक खर्च फिल्मच्या सुमारे ११ पट निघाला.

अर्थात फिल्मही आपोआप टिकत नाही. आपला पहिला बोलपट ‘आलम आरा’ १९३१ चा. आज त्याची एकही प्रत उपलब्ध नाही.

आपल्या घरीही हा प्रश्न आहेच. आई-बाबांच्या लग्नाची कॅसेट कपाटात असेल, तर ती आताच डिजिटल करून घ्या. व्हीसीआर दुरुस्त करणारे कमी होत चाललेत. आम्हा सॉफ्टवेअरवाल्यांचा साधा नियम पाळा: तीन प्रती, दोन वेगळ्या माध्यमांवर, त्यातली एक घराबाहेर. व्हॉट्सअॅपवर पाठवलेला व्हिडिओ प्रत म्हणून धरू नका, तिथे दर्जा उतरतो. दिवाळीच्या साफसफाईत वर्षातून एकदा सगळ्या फाईल्स उघडून बघा.

आणि आजीला शेजारी बसवून त्या व्हिडिओतल्या माणसांची नावं लिहून घ्या. तिच्याइतकी ती कोणालाच माहीत नाहीत.